उघड्यावरची बंदूक : अमेरिकेतील राज्यांचे कायदे आणि बायका

(स्त्री-कार्यकर्त्यांच्या अभ्यासवर्गात दिलेल्या भाषणाचे शब्दांकन)

अमेरिकेतल्या बंदुकीच्या कायद्यांशी आपला काय संबंध, असा प्रश्न तुमच्यापैकी बऱ्याच जणींच्या मनात आला असेल. आपल्याकडच्या बाईच्या वाट्याला येतो तो लाथाबुक्क्यांचा, पट्ट्याचा मार, नाही तर रॉकेलचा डबा. बंदूक तिला सिनेमातच दिसते. तरीही हा विषय मी मुद्दाम घेतला आहे. आपल्या चळवळीने अगदी सुरुवातीपासून विचारलेला एक प्रश्न त्यात आहे. हात उचलला नाही, जखम झाली नाही, तर हिंसा झाली की नाही? यावर कायदा काय म्हणतो आणि बाई काय म्हणते?

आधी कायदा समजून घेऊ. आपल्याकडे १९५९ चा शस्त्र कायदा आहे. बंदूक बाळगायची तर परवाना लागतो, आणि तो देणं न देणं सरकारच्या हातात असतं. म्हणजे बंदूक ही सवलत आहे, हक्क नाही. अमेरिकेत नेमकं उलट आहे. १७९१ साली त्यांच्या राज्यघटनेत दुसरी दुरुस्ती झाली आणि शस्त्र बाळगण्याचा हक्क तिथे लिहिला गेला. या हक्काचा अर्थ काय, यावर दोनशे वर्षं वाद चालला. २००८ साली तिथल्या सर्वोच्च न्यायालयाने सांगितलं, की घरात स्वसंरक्षणासाठी बंदूक ठेवणं हा प्रत्येक व्यक्तीचा हक्क आहे. २०२२ साली न्यूयॉर्कच्या खटल्यात तेच न्यायालय म्हणालं, की हा हक्क घराबाहेरही लागू आहे.

पण रस्त्यावर बंदूक कशी न्यायची, हे मुख्यतः प्रत्येक राज्य ठरवतं. कपड्याआड लपवून न्यायची ही एक रीत. दुसरी रीत उघड नेण्याची : कमरेच्या चामडी म्यानात पिस्तूल, नाही तर खांद्यावर रायफल, सगळ्यांना दिसेल अशी. बाजारात, बागेत, पेट्रोल पंपावर, मुलांना शाळेत सोडायला जाताना. बहुतेक राज्यांत हे या ना त्या स्वरूपात कायदेशीर आहे. २०२४ पर्यंत २९ राज्यांनी सज्ञान माणसाला परवान्याशिवाय पिस्तूल बाळगून बाहेर पडायची मुभा दिली होती. इलिनॉय आणि न्यूयॉर्क या राज्यांनी उघड शस्त्र नेण्यावर कडक बंधनं ठेवली आहेत. फ्लोरिडाने १९८७ साली बंदी घातली होती. सप्टेंबर २०२५ मध्ये तिथल्या अपील न्यायालयाने ती घटनाबाह्य ठरवली.

गंमत अशी, की एकोणिसाव्या शतकात उघडी बंदूक सभ्यपणाची आणि लपवलेली बंदूक बदमाशाची मानली जायची. केंटकी आणि लुइझियाना या राज्यांनी १८१३ सालीच लपवून शस्त्र नेण्यावर बंदी आणली. १८५० साली लुइझियानाच्या न्यायालयाने ही बंदी योग्य ठरवली. उघड शस्त्र बाळगण्याने पुरुष मर्दानी, उमद्या रीतीने स्वतःचं रक्षण करतात, असा त्या निकालाचा सूर होता. त्या वेळी त्या राज्यात गुलामगिरी होती. गुलामाला शस्त्र नव्हतं, बाईला मत नव्हतं. उमदा पुरुष म्हणजे कोण, हे वेगळं सांगायला नको.

बायकांच्याच नावाने

आता टेक्सासकडे येऊ. टेक्सास म्हटलं की आपल्याला घोड्यावरचा पिस्तूलधारी आठवतो. पण याच राज्याने १८७१ साली पिस्तूल घेऊन फिरायला बंदी घातली होती, आणि ती शंभर वर्षांहून जास्त टिकली. रायफलला मात्र ही बंदी नव्हती, ती कुणीही उघड नेऊ शकत होतं.

ही बंदी मोडली ती एका बाईच्या साक्षीने. १६ ऑक्टोबर १९९१ रोजी किलीन या गावातल्या खाणावळीत एका माणसाने गोळीबार करून २३ माणसं मारली. त्यांत १४ बायका होत्या. सुझाना हप ही तरुणी आपल्या आईवडिलांबरोबर तिथे जेवत होती. दोघेही त्या गोळीबारात मारले गेले. तिच्याकडे पिस्तूल होतं, पण कायदा मोडू नये म्हणून ती ते गाडीत ठेवून आली होती. पुढे ती गावोगावच्या विधिमंडळांपुढे हेच सांगत राहिली, की माझ्या हाताशी शस्त्र असतं तर मी निदान प्रयत्न केला असता. १९९३ साली गव्हर्नर ॲन रिचर्ड्स यांनी शस्त्र बाळगण्याला वाट करून देणारं विधेयक रोखलं. पुढच्या वर्षी त्या जॉर्ज बुश यांच्याकडून निवडणूक हरल्या. १९९५ साली बुश यांनी लपवून पिस्तूल नेण्याच्या परवान्याचा कायदा केला. १ जानेवारी २०१६ पासून परवानाधारकाला पिस्तूल उघड नेता येऊ लागलं, आणि १ सप्टेंबर २०२१ पासून २१ वर्षांवरच्या माणसाला परवान्याचीही गरज उरली नाही.

सुझाना हपचं दुःख खरं आहे आणि तिचा प्रश्नही खरा आहे. तो हसण्यावारी नेऊन चालणार नाही. बाई अंगाने कमी ताकदीची, बंदूक दोघांना सारखं करते, असा हा युक्तिवाद आहे. तो आपल्याकडेही येऊन गेला. दिल्लीच्या डिसेंबर २०१२ च्या घटनेनंतर, जानेवारी २०१४ मध्ये कानपूरच्या सरकारी कारखान्याने ‘निर्भीक’ नावाचं हलकं रिव्हॉल्वर खास बायकांसाठी म्हणून काढलं. किंमत सव्वा लाखाच्या आसपास! रात्रपाळीहून परतणाऱ्या बाईने, शेतमजूर बाईने हे पैसे कुठून आणायचे, याचा विचार कुणी केला नव्हता.

पण किमतीचा प्रश्न बाजूला ठेवला तरी दुसरा उरतोच. बाईला मारणारा असतो कोण? बहुतेक वेळा तो अनोळखी नसतो, नवरा किंवा जोडीदार असतो. परिचारिका आणि संशोधक असलेल्या जॅकलिन कॅम्बेल यांनी आपल्या सहकाऱ्यांबरोबर अमेरिकेतल्या ११ शहरांत अभ्यास केला. तो २००३ साली प्रसिद्ध झाला. मारहाण करणाऱ्या जोडीदाराच्या हाताशी बंदूक असेल, तर बाईचा खून होण्याची शक्यता सुमारे पाचपट वाढते, असं त्यात दिसलं.

आणि बाईने बंदूक उचलली तर? फ्लोरिडातल्या मरिसा अलेक्झांडर या कृष्णवर्णी बाईने २०१० साली मारकुट्या नवऱ्याला अडवण्यासाठी एक गोळी झाडली. कुणालाही इजा झाली नाही. स्वसंरक्षणाचा कायदा तिने पुढे केला, पण तो तिला लागू झाला नाही. २०१२ साली तिला २० वर्षांची शिक्षा झाली. पुढच्या वर्षी अपिलात ती रद्द झाली, तरी तिची सुटका व्हायला २०१५ उजाडलं. बंदूक दोघांच्या हातांत सारखी असेल, कोर्टात ती सारखी राहत नाही.

चौघी बायका आणि चाळीस बंदुका

९ नोव्हेंबर २०१३ रोजी टेक्सासमधल्याच आर्लिंग्टन शहरात एका उपाहारगृहात चार बायका बैठकीसाठी जमल्या होत्या. डिसेंबर २०१२ मध्ये कनेक्टिकटमधल्या एका शाळेत २० मुलं आणि सहा शिक्षिका-कर्मचारी मारल्या गेल्या. त्यानंतर आयांची जी संघटना उभी राहिली, तिच्या या कार्यकर्त्या. बैठक चालू असताना बाहेर गाड्या लावायच्या जागेत चाळीसेक माणसं जमली. बहुतेक पुरुष, बऱ्याच जणांच्या खांद्यावर रायफली. उघड शस्त्र नेण्याच्या हक्कासाठी काम करणाऱ्या गटाचे ते लोक होते. आम्ही फक्त फोटो काढायला जमलो होतो, असं त्यांचं म्हणणं पडलं. त्यांनी कुणाला शिवी दिली नाही, कुणावर नेम धरला नाही. रायफल उघड नेणं कायदेशीर. त्यामुळे गुन्हा काहीच घडला नाही.

मैत्रिणींनो, आपल्या बैठकीची कल्पना करा. आपण चौघी जणी आत बसलोय आणि बाहेर चाळीस जण कोयते घेऊन शांतपणे उभे आहेत. पुढच्या महिन्याच्या बैठकीला चौघींपैकी किती जणी येतील?

टेक्सासच्या कायद्यात यावर एक कलम आहे. लोकांना घाबरवण्याच्या हेतूने सार्वजनिक जागी शस्त्र दाखवणं हा गुन्हा आहे. ऐकायला बरं वाटतं. पण त्यात मोजला जातो तो दाखवणाऱ्याचा हेतू, बघणाऱ्या बाईची भीती नव्हे. तो म्हणाला, ‘मला घाबरवायचं नव्हतं,’ की बाईचं म्हणणं संपलं.

याचा दुसरा परिणाम जास्त भीषण आहे. ३१ ऑक्टोबर २०१५ रोजी कोलोरॅडो स्प्रिंग्ज शहरात एका बाईने रायफल घेतलेला माणूस पाहिला आणि पोलिसांना फोन केला. इथे उघड शस्त्र नेणं कायदेशीर आहे, असं तिला फोनवर सांगण्यात आलं. थोड्याच वेळात तिला दुसरा फोन करावा लागला. तेव्हा त्याने गोळ्या झाडायला सुरुवात केली होती. तिघांचा जीव गेला, त्यांत दोन बायका. पहिल्या फोनच्या वेळी तो ‘हक्क बजावणारा नागरिक’ होता, दुसऱ्या फोनच्या वेळी खुनी. या दोन फोनांच्या मधला जो वेळ आहे, त्यात बाईने काय करायचं, याचं उत्तर अशा कायद्याकडे नसतं.

घरातली उघडी बंदूक

हा मधला वेळ घरात फार लांब असतो, वर्षानुवर्षं चालतो. कॅलिफोर्नियात मारहाणीमुळे घर सोडलेल्या बायकांच्या ६७ आसराघरांत ४१७ जणींशी बोलून केलेला एक अभ्यास २००४ साली प्रसिद्ध झाला. ज्या घरांत बंदूक होती, त्यांतल्या जवळजवळ दोनतृतीयांश बायकांनी सांगितलं, की जोडीदाराने ती आपल्याविरुद्ध वापरली. वापरली म्हणजे काय केलं? बहुतेकींच्या बाबतीत गोळी झाडली नाही, झाडीन अशी धमकी दिली. आपल्या सल्ला केंद्रात येणारी बाई सांगते ना, ‘ताई, तो रोज मारत नाही, पण कोयता उशाशी घेऊन झोपतो.’ तीच ही गोष्ट. हत्याराला कामच करावं लागत नाही. ते दिसलं की बाई माहेरी फोन करत नाही, पैसे मागत नाही, तक्रार करायला निघालेली परत फिरते.

अमेरिकेतल्या बायकांनी भांडून यावर केंद्रीय कायदे मिळवले. ज्याच्याविरुद्ध जोडीदाराला संरक्षण देणारा कोर्टाचा आदेश आहे, त्याने बंदूक बाळगायची नाही, हा कायदा १९९४ साली झाला. घरगुती मारहाणीत दोषी ठरलेल्याला बंदूक नाही, हा १९९६ चा. २०२२ च्या न्यूयॉर्कच्या निकालाने पहिला कायदाच धोक्यात आला. कारण त्या निकालाने अशी कसोटी घालून दिली, की बंदुकीवरचं आजचं बंधन देशाच्या जुन्या परंपरेत बसलं पाहिजे. आता १७९१ च्या परंपरेत बायकोला मारणाऱ्याची बंदूक काढून घेणारा कायदा कुठून सापडणार? तेव्हा तो गुन्हाच कोण मानत होतं! टेक्सासमधल्या रहीमी नावाच्या माणसाने प्रेयसीला मारहाण केली, ती पळाली तेव्हा गोळी झाडली, आणि तक्रार केलीस तर मारीन अशी धमकी दिली. २०२० साली तिला संरक्षण आदेश मिळाला, तरी त्याच्याकडे बंदुका सापडल्या. २०२३ साली अपील न्यायालयाने नव्या कसोटीवर त्याची शिक्षा रद्द केली आणि तो कायदाच घटनाबाह्य ठरवला.

२१ जून २०२४ रोजी सर्वोच्च न्यायालयाने आठ विरुद्ध एक अशा बहुमताने हा निकाल फिरवला. कशाच्या आधारे, ते समजून घेण्यासारखं आहे. न्यायालयाने दोन जुने कायदे आधाराला घेतले. एक, शांतता राखण्याचा जामीन. आपल्या पोलीस ठाण्यात ज्याला ‘चॅप्टर केस’ म्हणतात, त्याच जातीचा. जुन्या इंग्रजी कायद्यात बायकोलासुद्धा नवऱ्याविरुद्ध असा जामीन मागता येत होता. दुसरा, शस्त्रं परजत फिरून लोकांत दहशत पसरवण्यावर बंदी. याचं मूळ इंग्लंडमधल्या १३२८ च्या नॉर्थॅम्प्टनच्या कायद्यापर्यंत जातं.

म्हणजे बघा, शस्त्र नुसतं मिरवलं तरी दहशत बसते, हे सातशे वर्षांपूर्वीच्या राजाच्या कायद्याला कळत होतं. रस्त्यावरच्या लोकांसाठी केलेल्या त्या जुन्या नियमाच्या आधाराने आजच्या घरातल्या बाईचं संरक्षण वाचलं. रस्त्यावरची दहशत आणि घरातली दहशत या दोन वेगळ्या गोष्टी नाहीत, हे आपण सांगतो. इथे ते न्यायालयाच्या निकालात उमटलं, जरी त्या शब्दांत नसलं तरी.

कुणाची बंदूक, कुणाला भीती

हा हक्क सगळ्यांना सारखा मिळालाय का, हेही पाहिलं पाहिजे. १९६० च्या दशकात कॅलिफोर्नियात उघड बंदूक नेणं कायदेशीर होतं. ऑकलंडमध्ये ब्लॅक पँथर पक्षाचे तरुण बंदुका घेऊन पोलिसांच्या गाड्यांवर नजर ठेवू लागले, आपल्या वस्तीत मारहाण होऊ नये म्हणून. ते रोखणारं विधेयक आलं. त्याला विरोध करायला २ मे १९६७ रोजी तीसेक पँथर, त्यांत सहा बायका, शस्त्रं घेऊन विधिमंडळाच्या इमारतीत गेले. त्याच वर्षी गव्हर्नर रोनाल्ड रेगन यांनी त्या विधेयकावर सही केली, आणि बंदूकधारकांच्या राष्ट्रीय संघटनेनेही त्याला पाठिंबा दिला. याच पँथरांचं नाव १९७२ साली मुंबईतल्या आपल्या दलित तरुणांनी घेतलं, हे तुम्हाला ठाऊकच आहे.

आता दुसरं चित्र. ३० एप्रिल २०२० रोजी मिशिगन राज्याच्या विधिमंडळात रायफली घेतलेले पुरुष शिरले. बहुतेक गोरे. कोरोनाच्या काळात घरात राहण्याचा हुकूम काढणाऱ्या गव्हर्नर ग्रेचेन व्हिटमर या बाईविरुद्ध त्यांचा राग होता. सभागृहाच्या सज्जात बंदुका घेऊन ते उभे राहिले आणि खाली काही आमदारांनी गोळीप्रतिबंधक जाकिटं घातली. हे सगळं कायदेशीर होतं. त्याच वर्षी ऑक्टोबरमध्ये व्हिटमर यांना पळवून नेण्याचा कट उघडकीला आला, आणि आरोपींपैकी काही जण त्या गर्दीतही होते असं दिसलं. इमारतीत उघड शस्त्र आणायला बंदी व्हायला जानेवारी २०२१ उजाडावं लागलं.

आपल्याकडे निवडून आलेल्या सरपंच बाईला ग्रामसभेत बोलू न देण्याचे प्रकार आपण पाहिले आहेत. समोर चार दांडगे येऊन बसतात, बोलत काही नाहीत. मिशिगनचा सज्जा आणि आपली ग्रामपंचायतीची ओसरी यांत मला तरी फार अंतर वाटत नाही.

बायकांनी काय केलं

आर्लिंग्टनच्या त्या बायकांच्या संघटनेने विधिमंडळाची वाट पाहत न बसता दुकानं गाठली. घरचं सामान बायका आणतात, तर दुकानदाराला विचारायचं, की तुमच्याकडे आम्ही मुलांना घेऊन यावं की बंदुकीला? स्टारबक्स या कॉफीच्या साखळीने सप्टेंबर २०१३ मध्ये, टार्गेट या दुकानांनी जुलै २०१४ मध्ये, आणि एल पासोच्या दुकानातल्या हत्याकांडानंतर वॉलमार्टने सप्टेंबर २०१९ मध्ये गिऱ्हाइकांना विनंती केली, की दुकानात उघड बंदूक आणू नका.

हे यश लहान नाही. पण त्याच्या मर्यादाही आहेत. ही विनंती आहे, कायदा नाही. आणि दुकानात बाई गिऱ्हाईक म्हणून सुरक्षित झाली, तरी रस्ता, बसथांबा, सभा इथे ती नागरिक असते. तिथे तिची पर्स कामाची नाही. शिवाय ज्या बाईच्या पर्समध्ये फारसं काही नाही, तिचं दुकानदार तरी कशाला ऐकेल?

आपल्यासाठी

आपण यातून काय घ्यायचं? आपल्या राज्यातली मथुरा आठवा. १९७२ साली देसाईगंजच्या पोलीस ठाण्यात तिच्यावर बलात्कार झाला. १९७८ साली सर्वोच्च न्यायालयाने पोलिसांना सोडलं, कारण अंगावर जखमा नव्हत्या, आरडाओरडा नव्हता. ठाण्याचं दार बंद, समोर गणवेश, ही दहशत न्यायालयाला दिसलीच नाही. त्याविरुद्ध देशभर बायका रस्त्यावर उतरल्या आणि १९८३ साली कायदा बदलला. २००५ च्या घरगुती हिंसाचाराच्या कायद्यात नुसत्या मारहाणीला नव्हे, तर धाकदपटशालाही हिंसा म्हटलं आहे. जखम नसलेली हिंसा कायद्याच्या वहीत लिहायला लावणं, ही आपल्या चळवळीची कमाई आहे. ती सांभाळली पाहिजे.

कारण मिरवलेलं शस्त्र आपल्या गल्लीतही आलं आहे. वाढदिवसाचा केक तलवारीने कापायचा आणि त्याचे फोटो मोबाइलवर फिरवायचे, कोयते नाचवत वस्तीतून गाड्या पळवायच्या, मिरवणुकीत तलवारी काढायच्या. ‘कुणाला लागलं का?’ असं विचारून हे सोडून दिलं जातं. त्या संध्याकाळी वस्तीतल्या मुली क्लासला गेल्या की नाही, हे कुणी विचारत नाही. महाराष्ट्र पोलीस कायद्याच्या कलम ३७ खाली शस्त्रं घेऊन फिरण्यावर बंदीचे हुकूम निघतात, पण त्याच कलमाखाली आपला मोर्चाही अडवला जातो. तेव्हा नुसती ‘बंदी घाला’ अशी मागणी करून आपलं भागणार नाही. शस्त्राची मिरवणूक आणि माणसांचा मोर्चा यांत फरक करा, ही आपली मागणी असली पाहिजे.

एक काम मात्र उद्यापासून करता येईल. जॅकलिन कॅम्बेल यांनी १९८० च्या दशकात एक प्रश्नावली तयार केली होती. मार खाणाऱ्या बाईच्या जिवाला किती धोका आहे हे तिने आणि कार्यकर्तीने मिळून ओळखावं, म्हणून. त्यात घरातल्या बंदुकीचा प्रश्न आहे. आपल्या सल्ला केंद्राच्या अर्जात आपण विचारतो, किती वेळा मारलं, कशाने मारलं. त्यात तीन प्रश्न घालू या. घरात कोणतं हत्यार आहे? ते कुठे ठेवतो? ते दाखवतो का? बाई ‘दाखवतो’ म्हणाली, तर ते मारहाणीच्या रकान्यातच लिहायचं, ‘इतर’मध्ये नाही. आणि संरक्षण आदेशासाठी अर्ज करताना ते हत्यार काढून घेण्याची मागणी त्यात नावानिशी करायची.

गटचर्चेसाठी दोन प्रश्न देते आणि थांबते. तुमच्या वस्तीत कोणती जागा अशी आहे, जिथे काही न घडताही बायकांनी जाणं सोडलं आहे? आणि तिथे नेमकं काय दिसतं, म्हणून सोडलं आहे?